मुंबईच्या दमट हवेत सिसिलीचे कानोली

कानोली हा इटलीतील सिसिली बेटावरचा तळलेला गोड पदार्थ असून त्याच्या एका नगाला कानोलो म्हणतात. ‘कान्ना’ म्हणजे बोरू. धातूच्या नळ्या येण्यापूर्वी तेथे बोरूच्या कांड्यांवर पारी गुंडाळून तळत असत, म्हणून हे नाव पडले. पूर्वी हा पदार्थ कार्निव्हलच्या दिवसांत होत असे, आता तो बाराही महिने मिळतो. करंजी जमणाऱ्या हाताला कानोली अवघड नाहीत. मात्र करंजी सारण भरून तळतात, तर येथे पोकळ नळी आधी तळून सारण खाण्याच्या क्षणी भरायचे असते, आणि मुंबईत सारे यश याच एका नियमावर अवलंबून आहे.

सुरुवात आदल्या दिवशी सारणापासून करावी. सिसिलीत त्यासाठी मेंढीच्या दुधाचे रिकोटा वापरतात. चीज करून उरलेली निवळी पुन्हा तापवून हे मऊ रिकोटा काढतात. ‘रिकोटा’ या शब्दाचा अर्थच ‘पुन्हा शिजवलेले’ असा आहे. आपल्याकडे अडीच लिटर सायीचे दूध उकळी येण्याच्या बेतात आणून आच बंद करावी, लिंबाचा रस थोडा थोडा घालून ते हलक्या हाताने फाडावे आणि मलमलच्या कापडात बांधून, श्रीखंडाच्या चक्क्यासारखे, रात्रभर फ्रीजमध्ये टांगून ठेवावे. पनीरसारखे वजनाखाली दाबू नये, कारण दाबलेला गोळा रवाळ आणि कोरडा होतो. दुसऱ्या दिवशी हे रिकोटा बारीक चाळणीतून घासून घ्यावे. ही पायरी कंटाळवाणी असली तरी टाळू नये, सारणाचा रेशमी पोत तिच्यातूनच येतो. ५०० ग्रॅम रिकोट्यात सुमारे १५० ग्रॅम पिठीसाखर, किसलेली संत्र्याची साल आणि डार्क चॉकलेटचे बारीक तुकडे मिसळावेत.

पारीसाठी २५० ग्रॅम मैदा, २ चमचे साखर, १ चमचा कोको, चिमूटभर मीठ आणि ३० ग्रॅम तूप घ्यावे. मूळ कृतीत डुकराची चरबी आणि मार्साला वाइन असते. तूप चरबीची जागा चांगली भरून काढते. वाइन नको असल्यास १ मोठा चमचा व्हिनेगर आणि लागेल तसे पाणी घालून पीठ घट्ट मळावे. आंबटपणामुळे पीठ लाटताना आखडत नाही. ते तासभर झाकून ठेवावे आणि मग पारदर्शक वाटेल इतके पातळ लाटून १० सेंटिमीटरच्या चकत्या कापाव्यात.

स्टीलच्या नळ्या क्रॉफर्ड मार्केटच्या परिसरात केकचे साहित्य विकणाऱ्या दुकानांत मिळतात. नळीला तेलाचा हात लावून चकती सैल गुंडाळावी आणि जोडावर अंड्याचा पांढरा बलक लावून तो दाबावा. बलक नळीला लागला, तर पारी तिला चिकटून बसते. तेल सुमारे १७५ अंशांवर असावे. नळी आत सोडताच पारीवर भराभर फोड उठतात आणि दोनेक मिनिटांत ती तांबूस होते. पहिल्या खेपेला मी घाईने मोठ्या आचेवर तळले आणि बाहेरून करपलेले, जोडापाशी कच्चे राहिलेले दहा-बारा नग टाकून द्यावे लागले, म्हणून आच मध्यम ठेवण्याचा माझा आग्रह आहे. चिमट्याने बाहेर काढून, नळी कोमट होईपर्यंत थांबून, हलकेच पिळा देत पारी सोडवावी.

गार झालेल्या नळ्या लगेच हवाबंद डब्यात भराव्यात, कारण जुलैमधल्या दुपारी उघड्यावर ठेवलेली नळी पाहता पाहता मऊ पडते. पाहुणे पानावर बसले की क्रीम भरण्याच्या कोनाने दोन्ही टोकांकडून सारण भरावे, टोकांना पिस्त्याचा चुरा किंवा पाकवलेली संत्र्याची साल लावावी, वरून पिठीसाखर भुरभुरावी आणि ताट लगेच पुढे करावे.