संलग्नता नसलेल्या कॉलेजात प्रवेश घेताना या चुका टाळा

प्रवेशाच्या टेबलावर प्रत्येक पालक विचारतो, ‘मान्यता आहे ना?’ समोरचा ‘आहे’ म्हणतो, आणि बरेचदा तो खोटं बोलतही नसतो. पहिली चूक या प्रश्नातच आहे. मान्यता कोणाची? संस्थेची धर्मादाय आयुक्तांकडे नोंदणी असते, एआयसीटीईचं (तंत्रशिक्षणाच्या केंद्रीय परिषदेचं) पत्र असतं, शासनाचं इरादापत्र, म्हणजे अटींवर दिलेला प्राथमिक होकार, भिंतीवर फ्रेम करून लावलेलं असतं. यातला एकही कागद म्हणजे विद्यापीठाचं संलग्नीकरण (संलग्नता) नव्हे, आणि विद्यापीठाची परीक्षा व पदवी मिळते ती संलग्नतेवरच.

महाराष्ट्रात नव्या कॉलेजची वाट लांबची आहे. आधी कुठे कोणतं कॉलेज हवं हे ठरवणारा विद्यापीठाचा बृहत् आराखडा, मग संस्थेचा प्रस्ताव, शासनाचं इरादापत्र, अटींची पूर्तता, अंतिम परवानगी, आणि त्यानंतर विद्यापीठाचं प्रथम संलग्नीकरण. महाराष्ट्र सार्वजनिक विद्यापीठ अधिनियम, २०१६ मधली कलमं १०९ आणि ११० याचसाठी आहेत. प्रथम संलग्नीकरण मिळाल्याशिवाय विद्यार्थी घ्यायचे नाहीत, हा त्यातला नियम. तरी संस्था इरादापत्रावरच प्रवेश उरकतात, कारण एक वर्ष वाया गेलं तर इमारतीचं कर्ज थांबत नाही. माहितीपत्रकात ‘प्रस्तावित’ किंवा ‘प्रक्रियेत’ हे शब्द बारीक अक्षरात दिसले, तर संलग्नीकरण अजून आलेलं नाही असंच समजायचं.

दुसरी चूक जुन्या, नावाजलेल्या कॉलेजांबाबत होते. वीस वर्षं बीकॉम चालवणाऱ्या कॉलेजने यंदा बीसीए सुरू केलं, तर बीकॉमची संलग्नता बीसीएला लागू होत नाही. संलग्नता अभ्यासक्रमाला असते, प्रवेशक्षमतेला असते आणि बहुतेक वेळा ठरावीक वर्षापुरती असते. साठ जागांच्या मंजुरीवर नव्वद मुलं घेतली, तर वरची तीस मुलं अधांतरी. म्हणून पत्र मागा आणि त्यावर अभ्यासक्रमाचं नाव, शैक्षणिक वर्ष, जागा आणि कॉलेजचा पत्ता ताडून पाहा. पत्र कॉलेजकडून घ्या, पण खात्री विद्यापीठाच्या संलग्नता विभागात जाऊन करा. बीएडसारख्या अभ्यासक्रमांना एनसीटीईची (शिक्षक प्रशिक्षणाच्या राष्ट्रीय परिषदेची) मान्यताही लागते. ती नसेल तर विद्यापीठ संलग्नता देऊ शकत नाही आणि परीक्षाही घेऊ शकत नाही.

‘तुमचा फॉर्म आमच्या दुसऱ्या कॉलेजमधून भरू’ असं सांगितलं तर तिथून उठा. तुम्ही एका वर्गात बसणार आणि हजेरी दुसरीकडे लागणार. हे उघडकीला आलं की खोट्या हजेरीत तुमचंही नाव असतं.

भांडं बहुधा परीक्षा अर्जाच्या वेळी फुटतं. विद्यापीठाच्या प्रणालीत नाव नसतं, पीआरएन, म्हणजे विद्यार्थ्याचा कायम नोंदणी क्रमांक, आलेला नसतो. मग कॉलेज म्हणतं, कोर्टात जाऊ. इथे सर्वांत महाग पडणारी चूक होते. कॉलेज स्वतःच्याच वकिलाकडून विद्यार्थ्यांच्या नावे याचिका तयार करून घेतं आणि सगळ्यांच्या वकालतनाम्यावर सह्या घेतं. मुलं पुढे असली की कोर्टाचं मन वळेल, हा हिशेब. पण तुमचं आणि कॉलेजचं हित इथे एक नाही. कॉलेजला संलग्नता हवी असते; तुम्हाला पदवी हवी, नाहीतर पैसे परत. ‘संलग्नता प्रलंबित असल्याची आम्हाला कल्पना होती’ असं एखादं वाक्य याचिकेसोबतच्या प्रतिज्ञापत्रात असलं, तर उद्या फसवणुकीची तक्रार करताना तेच आडवं येतं. वकील आपला करा, निदान सही करण्याआधी मजकूर तरी पूर्ण वाचा.

‘मुलांचा काय दोष?’ हा युक्तिवाद ऐकायला भारी वाटतो, पण कोर्टात तो फारसा टिकत नाही. आंध्र प्रदेशातल्या एका वैद्यकीय महाविद्यालयाच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने १९८६ मध्येच सांगितलं की, ज्या कायद्याने विद्यापीठ जन्माला आलं तोच मोडायला आम्ही विद्यापीठाला सांगू शकत नाही. १९९२ मध्ये महाराष्ट्रातल्या मान्यता नसलेल्या अध्यापक प्रशिक्षण संस्थेच्या विद्यार्थ्यांना परीक्षेला बसू देण्याचा उच्च न्यायालयाचा आदेशही सर्वोच्च न्यायालयाने रद्द केला. छत्तीसगडची खासगी विद्यापीठं २००५ मध्ये रद्द झाली तेव्हा मुलांची सोय लावली गेली, हे खरं. पण तिथे राज्याचा कायदाच घटनाबाह्य ठरला होता. तो दाखला आपल्या प्रकरणात जसाच्या तसा चालेल असं धरू नका. हंगामी आदेशाने परीक्षेला बसता आलं म्हणून पेढे वाटू नयेत. याचिका फेटाळली गेली तर दिलेले पेपरही वाया जातात.

पैशांचं काय? बिहारमधल्या एका दंत महाविद्यालयाने मगध विद्यापीठाची संलग्नता आणि दंत परिषदेची मान्यता नसताना मुलं घेतली होती. सर्वोच्च न्यायालयाने २००९ मध्ये ग्राहक कायद्याखाली त्या मुलांची बाजू उचलून धरली. पुढच्याच वर्षी दुसऱ्या प्रकरणात मात्र विद्यार्थी हा ग्राहक नव्हे असा निकाल आला. तेव्हा ग्राहक आयोगात जाताना तक्रार ‘शिक्षण चांगलं नाही’ अशी ढिली नको. ‘संलग्नता आहे असं खोटं सांगून पैसे घेतले’ अशी नेमकी हवी. त्यासाठी जाहिरात, माहितीपत्रक, व्हॉट्सॲपवरचे निरोप आणि पावत्या जपून ठेवा. फी रोख देऊन साध्या चिठ्ठीवर समाधान मानलेलं असेल, तर दिलेली रक्कम सिद्ध करतानाच दमछाक होते.

मूळ गुणपत्रिका आणि शाळा सोडल्याचा दाखला अडवून धरला असेल तर लेखी मागा. मूळ कागदपत्रं ठेवून घेऊ नयेत, असं यूजीसीने (विद्यापीठ अनुदान आयोगाने) २०१८ मध्ये स्पष्ट केलं आहे. आणि शंका आली की सहामाही संपायची वाट पाहू नका. संलग्नता आहे का, हे विद्यापीठाला माहिती अधिकारात विचारलं तर उत्तराला ३० दिवस लागू शकतात आणि तेवढ्यात दुसरीकडचे प्रवेश बंद होतात. त्यामुळे तो अर्ज टाकाच, पण त्याच दिवशी विद्यापीठाच्या कुलसचिवांच्या नावे साधं पत्रही द्या आणि आपल्या प्रतीवर आवक शिक्का घेतल्याशिवाय खिडकी सोडू नका.