सोव्हिएत दिग्दर्शक लावायचाय? मग सालांपासून सुरुवात करा

सांगलीच्या विश्रामबागेत आमचं छोटं मंडळ जुने परदेशी सिनेमे लावतं. मिरज-इस्लामपूरकडून विचारणा होते, ‘एखादा रशियन दिग्दर्शक अख्खा दाखवायचा तर कसा?’ म्हणून हे लिहून देतोय.

आधी वही घ्या आणि प्रत्येक सिनेमापुढे दोन सालं लिहा: तयार कधी झाला, तिथल्या लोकांना कधी दिसला. तार्कोव्हस्कीचा ‘आंद्रेई रुब्ल्योव्ह’ तयार १९६६ ला, थेटरात १९७१ ला. अस्कोल्दोव्हचा ‘कमिसार’ १९६७ चा. पडद्यावर यायला १९८७ उजाडलं आणि त्या माणसाला पुन्हा कथापट करू दिला नाही. आपले नाटकवाले संहिता पास करून घेताना मेटाकुटीला येतात. तिथे पटकथा पास, मग पुरा झालेला सिनेमा पास, वर त्याची वर्गवारी. खालचा वर्ग मिळाला की प्रिंट कमी. म्हणजे बंदी न घालताही सिनेमा मारता यायचा.

पहिल्या खेपेला कालातोझोव्ह घ्या. जन्म १९०३, तिफ्लिसचा, म्हणजे जॉर्जियातला. पण सुरुवातीपासून सुरुवात करू नका, माणसं उठून जातात. आधी १९५७ चा ‘द क्रेन्स आर फ्लाइंग’ लावा. व्हिक्टर रोझोव्हच्या नाटकावरून केलाय. नाट्यपंढरीत हे सांगितलंत की निम्मे प्रेक्षक तिथेच तुमचे. पुढच्या वर्षी त्याला कान महोत्सवाचा सर्वोच्च पुरस्कार मिळाला.

त्यातला निरोपाचा प्रसंग संपला की थांबवा आणि पुन्हा लावा. नायिका व्हेरोनिका बसमध्ये आहे. कॅमेरा तिच्या तोंडाजवळ. ती उतरते, तोही उतरतो, गर्दीत घुसतो आणि अचानक वर जातो. खाली ती रणगाड्यांच्या मधून धावतेय. मध्ये कुठे कट नाही. छायालेखक सर्गेई उरुसेव्हस्की. हा माणूस वगळून कालातोझोव्हबद्दल बोलणं मला तरी पटत नाही.

मग मागे या: १९३० चा ‘सॉल्ट फॉर स्वानेतिया’, मीठ न मिळणाऱ्या डोंगरी गावाचा मूकपट. तासाभराच्या आतला आहे. या वेळी भडंग वाटू नका, कुरकुरीशिवाय काही ऐकू येणार नाही! कालातोझोव्हच्या पुढच्याच सिनेमावर बंदी आली आणि नंतर बरीच वर्षं पाटी कोरी. युद्धात हे गृहस्थ सोव्हिएत सिनेमाचे प्रतिनिधी म्हणून अमेरिकेत होते. १९५० मध्ये त्यांनी सरळसरळ प्रचारपटही केला. तो दाखवायची गरज नाही, पण लपवूही नका. स्टालिन गेला १९५३ ला, मग बंधनं जरा सैल झाली. हे सांगितल्याशिवाय १९५७ चा ‘क्रेन्स’ कळत नाही.

शेवटी १९६४ चा ‘आय ॲम क्यूबा’. तो ना क्यूबात चालला, ना मॉस्कोत. नव्वदच्या दशकात अमेरिकेत स्कोर्सेसी आणि कोपोला या दिग्दर्शकांनी पाठबळ दिलं तेव्हा जगाला कळला.

‘क्रेन्स’ मॉसफिल्म या मॉस्कोच्या स्टुडिओच्या यूट्यूब चॅनेलवर आहे. सबटायटल्स इंग्रजीत, वयस्कर मंडळींना गोष्ट आधीच सांगून टाका, काही बिघडत नाही.

दुसऱ्या खेपेला लारिसा शेपित्को. १९७९ ला अपघातात गेली, त्यामुळे काम थोडकंच. १९६६ चा ‘विंग्ज’ सकाळी, बर्लिन महोत्सवाचा सर्वोच्च पुरस्कार, सुवर्ण अस्वल, मिळालेला १९७७ चा ‘द असेन्ट’ दुपारी. रात्री शेवटी नको. तो संपल्यावर लोक लगेच बोलत नाहीत, आणि हॉलवाला नऊला कुलूप घेऊन उभा असतो.