वडिलांचं घर विकायचंय? आधी आजीचा वाटा बघा

नागपुरात सामायिक घराचे सौदे बहुतेक वेळा वारसांच्या मोजणीत अडकतात. घर वडिलांच्या स्वकमाईचं असेल आणि ते मृत्युपत्र न करता गेले असतील, तर हिंदू उत्तराधिकार अधिनियम, 1956 नुसार पत्नी, मुलगे, मुली आणि वडिलांची आई यांना सारखा वाटा मिळतो. लग्न झालेल्या मुलीलाही तेवढाच. समजा मागे आई, आजी, दोन भाऊ, एक बहीण राहिले, तर प्रत्येकी पाचवा हिस्सा. पुढे आजीही गेली, आजोबा आधीच गेलेले आणि आजीला वडिलांशिवाय एकच मुलगी, तर त्या पाचव्यातला अर्धा आत्याचा. म्हणजे घराचा दहावा हिस्सा! तिची सही नसेल तर बँक खरेदीदाराला कर्ज देत नाही.

महापालिकेच्या घरटॅक्सच्या पावतीनं मालकी सिद्ध होत नाही. नगर भूमापन कार्यालयातून आखीव पत्रिका (प्रॉपर्टी कार्ड) काढा. मृत्यू दाखला आणि वारसांचं प्रतिज्ञापत्र जोडून सगळ्यांच्या नावाचा फेरफार, म्हणजे मालकीच्या नोंदीतला बदल, करून घ्या. जमीन नझूलची (शहरातली सरकारी) किंवा प्लॉट नागपूर सुधार प्रन्यासच्या लीजवरचा असेल तर पट्ट्याची मुदत आणि हस्तांतरणाच्या अटी आधी तपासा. मुदत संपलेली असली तर नूतनीकरण पहिलं.

पुढची चूक हक्कसोडपत्राची, म्हणजे आपला वाटा दुसऱ्या वारसाला सोडून देण्याच्या कागदाची. भावंडांच्या नावे विनामोबदला केलं तर ऑक्टोबर 2024 पासून मुद्रांक 500 रुपये, पण नोंदणी हवीच. नोटरीचा कागद चालत नाही. मोबदला लिहिला की शुल्क विक्रीसारखं लागतं. घर बाहेरच्यालाच विकायचं असेल तर आमच्या मते हक्कसोड करूच नका. "आत्ता सही दे, पैसे नंतर देतो" यात बहिणीचा हक्क जातो आणि सगळा कर एका भावाच्या डोक्यावर येतो. सगळ्यांनी खरेदीखतावर सह्या कराव्या, प्रत्येकाच्या हिश्शाची रक्कम थेट त्याच्या खात्यात घ्यावी. वारसांत अज्ञान (अठरा वर्षांखालचं) मूल असेल तर त्याच्या वाट्यासाठी जिल्हा न्यायालयाची परवानगी लागते.

एक जण सहीच देत नसेल तर दिवाणी न्यायालयात वाटणीचा दावा. घराचे तुकडे पाडणं शक्य नसेल आणि निम्म्या किंवा जास्त हिश्श्याच्या मालकांनी मागणी केली, तर विभाजन अधिनियम, 1893 नुसार न्यायालय विक्रीचा आदेश देऊ शकतं. विरोध करणाऱ्याला मात्र न्यायालयाच्या मूल्यांकनानं विक्री मागणाऱ्यांचे हिस्से विकत घेता येतात. हे वर्षानुवर्षं चालतं. नोटीस गेल्यावर पुष्कळदा तडजोड होते.

भांडवली नफ्याचा कर ज्यानं त्यानं भरायचा. वडिलांनी घर 1 एप्रिल 2001 आधी घेतलं असेल तर त्या दिवसाचा बाजारभाव खरेदी किंमत म्हणून धरता येतो. नोंदणीकृत मूल्यांककाचा अहवाल घ्या. सौदा 50 लाख किंवा त्याहून जास्त असेल तर खरेदीदार पैसे देतानाच 1 टक्का कर (टीडीएस) कापतो, प्रत्येकाचा वाटा कमी असला तरी. परदेशात राहणाऱ्या भावंडाच्या वाट्यावर कपात खूप मोठी होते. ती कमी करणारं प्रमाणपत्र आयकर खात्याकडून मिळतं. इसारपत्र (आगाऊ रक्कम घेऊन केलेला विक्रीचा करार) होताच अर्ज टाका आणि खरेदीखताची तारीख त्या हिशेबानं ठेवा.