उरुसेव्स्कीसारखा अखंड शॉट घ्यायचा तर

सर्गेई उरुसेव्स्की (1908–1974) हा सोव्हिएत छायाचित्रकार शिकला ग्राफिक कला, युद्धात आघाडीवर कॅमेरा चालवला, आणि मग दिग्दर्शक कलातोझोवच्या 'द क्रेन्स आर फ्लाइंग' (1957) आणि 'आय ॲम क्यूबा' (1964) या चित्रपटांचं छायाचित्रण केलं. पुढे त्यानं स्वतः दोन चित्रपट दिग्दर्शित केले. त्याचा अखंड, मध्ये न कापलेला शॉट गिंबल (कॅमेरा स्थिर ठेवणारं यंत्र) विकत घेऊन जमत नाही, तालमीनं जमतो.

आधी 'क्रेन्स'मधला निरोपाचा शॉट आवाज बंद करून पाहा. वेरोनिका बसमध्ये आहे, उतरते, गर्दीतून वाट काढते. ती रणगाड्यांमधून धावते तोवर कॅमेरा वर गेलेला असतो. म्हणजे हातातल्या कॅमेऱ्यासकट माणूस बसमधून उतरून क्रेनवर चढला. तो नेमका क्षण शोधा. पटकन सापडणार नाही, कारण शॉटभर माणसं लेन्सला घासल्यासारखी आडवी जात असतात. कॅमेरा एका हातातून दुसऱ्या हातात जातो तो आपला सांधाही असाच झाकायचा.

लेन्स रुंद हवी. 'क्यूबा'त 9.8 मिमीची लेन्स भरपूर वापरली आहे. 35 मिमी फिल्मवर एफ 8 ला (लेन्सचं छिद्र बरंच लहान केल्यावर) तिचं हायपरफोकल अंतर, म्हणजे जिथं फोकस ठेवला की लांबवरचंही स्पष्ट राहतं ते अंतर, जेमतेम अर्धा मीटर, म्हणजे पाव मीटरपासून क्षितिजापर्यंत सगळं स्पष्ट. फोकस ओढायला माणूसच नको. एपीएस-सी (मध्यम आकाराच्या सेन्सरच्या) कॅमेऱ्यावर 18 मिमी लेन्स असेल तर एफ 8 ला फोकस 2 मीटरवर ठेवा, ऑटोफोकस बंद करा, रिंगवर चिकटपट्टी लावा. 1 मीटरपासून पुढे चिंता नाही. 50 मिमीनं हेच केलंत तर प्रत्येक पावलाचा हिसका पडद्यावर दिसेल. रुंद लेन्सची भानगड वेगळी: सूर्य पाठीशी असला की तुमचीच सावली फ्रेममध्ये येते. म्हणून वाट आखताना त्या वेळचं ऊन बघूनच आखा.

सगळ्यात जास्त वेळ हस्तांतरावर घालवा. 'क्यूबा'च्या अंत्ययात्रेत कॅमेरा इमारतीवर चढतो, सिगारच्या कारखान्यातून जातो आणि खिडकीबाहेर पडून रस्त्यावरून तरंगत जातो. तिथं हात, दोऱ्या, कप्प्या आणि अंगातल्या जाकिटाला लावलेले हुक, सगळंच कामी आलं. आपल्याला दोन माणसं पुरतात. देणाऱ्यानं वरचं हँडल धरावं, घेणाऱ्यानं खालून तळ. घेणारा हलकेच 'घेतला' म्हणाला की मगच वरचा हात सुटतो. गळ्यातला पट्टा आधी काढा, तो हमखास कशात तरी अडकतो. 2 किलोच्या पिशवीवर दहा वेळा सराव झाला की खरा कॅमेरा हातात घ्या. पात्र स्थिर उभं असताना कॅमेरा देऊ नका. ते वळत किंवा चालत असताना दिलात तर धक्का त्या हालचालीत मुरतो.

घरातून उन्हात जाताना प्रकाश तीन-चार स्टॉपनी (एक स्टॉप म्हणजे दुप्पट) सहज बदलतो. छिद्र एफ 8 वरच ठेवायचं असेल तर बदलता एनडी फिल्टर (फिरवून प्रकाश कमी-जास्त करणारी गडद काच) फिरवा, पण फार गडद केलात तर रुंद लेन्सवर आकाशात काळी फुली उमटते. स्वयंचलित एक्स्पोजर अजिबात नको; दार ओलांडताच चित्र धडधडतं.

'क्यूबा'तली पांढरी ताडाची झाडं आणि काळं आकाश ही इन्फ्रारेड, म्हणजे डोळ्यांना न दिसणारा अवरक्त प्रकाश टिपणाऱ्या फिल्मची करामत. पानं हा प्रकाश जोरात परतवतात, निळं आकाश जवळजवळ पाठवतच नाही. म्हणून ढगाळ दिवशी हा खेळ फसतो. साध्या डिजिटल कॅमेऱ्यावर फक्त इन्फ्रारेड आत सोडणारा 720 नॅनोमीटरचा फिल्टर लावला तर एका फ्रेमला कित्येक सेकंद लागतात, त्यामुळे चालत्या शॉटसाठी आतला इन्फ्रारेड अडवणारा फिल्टर काढलेलाच कॅमेरा हवा. फोकस थोडा जवळ आणावा लागतो. जुन्या लेन्सवर त्यासाठी लाल खूण असते.

लांबीचा मोह आवरा. 35 मिमीचा 120 मीटरचा डबा 24 फ्रेमच्या वेगानं 4 मिनिटं 23 सेकंदांत संपतो. ही मर्यादा त्या काळच्या कॅमेरामनच्या फायद्याचीच होती. मेमरी कार्डाला ती नाही.

आणि दिग्दर्शनही तुम्हीच करत असाल तर आणखी एक खबरदारी घ्या. किर्गिझ लेखक आयत्मातोवच्या घोड्याच्या कादंबरीवरचा 'बेग इनोखोद्त्सा' आणि नंतरचा कवी येसेनिनवरचा चित्रपट, दोन्हींत उरुसेव्स्कीच दिग्दर्शक. कॅमेरामन दिग्दर्शक झाला की 'हा शॉट कशासाठी?' असं विचारणारा कलातोझोव उरत नाही. त्या प्रश्नासाठी सेटवर कॅमेऱ्याला हात न लावणारा एक माणूस नेमा आणि प्रत्येक तालमीनंतर आधी त्याचं ऐका.