रॅक रिकामा, सॅपमध्ये साठा

भोसरीतल्या आमच्या कारखान्यात दर महिनाअखेरीला तोच घोळ: सॅपमध्ये, म्हणजे साठ्याचा हिशेब ठेवणाऱ्या सॉफ्टवेअरमध्ये, बेअरिंगचा साठा जास्त, रॅक मात्र रिकामा. संशय स्टोअरच्या काकांवर यायचा, आणि ते मला फार लागायचं. शेवटी सॅपमधलं सीओजीआय, म्हणजे अडकलेल्या माल-नोंदींची यादी, उघडलं. बॅकफ्लशमध्ये (उत्पादन कन्फर्म होताच माल आपोआप खर्ची पडतो त्यात) अडकलेल्या २६१ च्या, म्हणजे माल खपल्याच्या, नोंदींची रांगच रांग! काका सकाळी चिठ्ठीवर माल द्यायचे, उत्पादन लाइनच्या लोकेशनला ३११ ची ट्रान्सफर, म्हणजे साठा एका जागेवरून दुसरीकडे हलवल्याची नोंद, संध्याकाळी पडायची. मधे उत्पादन कन्फर्म झालं की सिस्टीमला लाइनवर माल शून्य दिसायचा. खपाची नोंद तिथेच अडकायची आणि सॅपमधला साठा कमी व्हायचा नाही.

जुन्या नोंदी एकेक तपासून पोस्ट केल्या. आता स्टोअरच्या खिडकीतच स्कॅनर आहे. आधी ट्रान्सफर, मग माल. शिफ्ट सुटताना सुपरवायझर सीओजीआय बघतो. परवा मोजणी जुळली, तेव्हा काकांनी रजिस्टर मिटलं आणि सगळ्यांसाठी चहा मागवला.