झाडांकडे नंतर, आधी पायाखाली: फिनलंडमधलं जंगल कसं ओळखायचं

दर जुलैत हेलसिंकी-एस्पोकडून फोन सुरू होतात. "तू जंगलवाली ना? ब्लूबेरी कुठं मिळतील ते सांग." मी विचारते, घराजवळच्या जंगलात काय काय आहे? उत्तर ठरलेलं: "झाडं आहेत. उंच." आता फिनलंडात उंच झाडं आहेत हे सांगणं म्हणजे कोकणात पाऊस पडतो असं सांगणं. मला बुंध्याशी काय उगवलंय ते हवं असतं. यंदा तिसरा फोन आला तेव्हा ठरवलं, एकदाच लिहून टाकू. दापोली-अकोल्याहून वनशास्त्र शिकून इकडं यायच्या तयारीत असलेल्या मुलामुलींनाही उपयोगी पडेल.

मी स्वतः दापोलीची. पदवी तिथली, पुढचं शिक्षण पूर्व फिनलंडातल्या योएन्सूला. आता त्याच भागात खासगी मालकांची जंगलं पायी फिरायची, त्यांचे तुकडे पाडायचे आणि प्रत्येक तुकड्याला जमिनीच्या कसाप्रमाणे वर्ग द्यायचा, हे माझं काम. अशा तुकड्याला इथं 'कुविओ' म्हणतात. निम्म्याहून अधिक वनजमीन इथं साध्या कुटुंबांच्या मालकीची आहे, त्यामुळे कामाला तोटा नाही.

कॉलेजात आम्ही चॅम्पियन आणि सेठ यांचं १९६८चं वर्गीकरण घोकलं होतं. भारतातल्या जंगलांचे १६ गट: पाऊस किती, थंडी किती, वरचं छत कशाचं. तिकडं ते चालतं. इथं दिवसभर गाडी हाकलीत तरी वर बहुतेक तीनच झाडं: पाइन, स्प्रूस आणि बर्च. त्यातलं कुठलं उभं आहे हेही पुष्कळदा मालकाच्या आजोबांनी काय लावलं यावर. म्हणजे झाड माणसाची निवड सांगतं. जमिनीची निवड खाली दिसते.

ही गोष्ट पद्धतशीर मांडली आइमो कार्लो कायांडर यांनी, १९०९ साली. जंगल पुरतं वाढलेलं असलं आणि खालच्या झुडपांचा, शेवाळांचा मेळ तोच असला, तर जमिनीचा कसही साधारण तोच, मग वर पाइन असो की बर्च. हेच गृहस्थ पुढं तीनदा देशाचे पंतप्रधान झाले. १९३९च्या हिवाळी युद्धात गणवेश पुरेनात. कित्येक सैनिकांना पट्टा, टोपीवरचा बिल्ला आणि बंदूक एवढंच मिळालं, बाकी कपडे घरचे. त्या वेषाला लोक 'कायांडर मॉडेल' म्हणू लागले. सामान्य फिनिश माणसाला कायांडर म्हटलं की तो वेष आठवतो. आम्हाला ब्लूबेरीचं झुडूप.

तर कृती. जुलै-ऑगस्टमध्ये जा. तेव्हा सगळं पानावर असतं. रबरी बूट, डासांचं मलम आणि एक टोकदार काठी घ्या. ऑगस्टच्या शेवटी हिर्विकार्पानेन नावाची चपटी माशी निघते. अंगावर बसली की पंख टाकते आणि केसांत शिरते. टोपी घालाच. फावडं मात्र घरी ठेवा. बेरी आणि अळंबी कुणाच्याही जंगलातून घेता येतात, पण खणायला, शेवाळ उपटायला मालकाची परवानगी लागते.

रस्त्याच्या कडेला उभं राहून काही ठरवू नका. कडेला ऊन जास्त, धूळ जास्त, तिथलं गवत काहीही सांगतं. तीस-चाळीस पावलं आत जा आणि काठी जमिनीत खुपसा. खट्‌कन दगड किंवा करकरीत वाळू लागली तर ती खनिज जमीन, इथल्या भाषेत 'कांगास'. काठी लोण्यात गेल्यासारखी जाऊ लागली आणि पायाखालचं स्फॅग्नम शेवाळ दाबल्यावर भिजल्या स्पंजासारखं पाणी सोडू लागलं, तर ती 'सुओ', पीटची, म्हणजे अर्धवट कुजलेल्या वनस्पतींच्या थराची दलदल. नियम असा की वरचा थर पीटचा असला किंवा जमिनीवरच्या वनस्पतींत तीन चतुर्थांशाहून अधिक दलदलीच्या असल्या की ते सुओ. तिचं वर्गीकरण वेगळं आहे आणि त्यात मी आज शिरत नाही. चर खणून वाळवलेल्या दलदलींनी तर माझे केस पांढरे केलेत. आपण कांगासवर राहू.

आता खाली बसा. खरंच बसा, गुडघे टेकून. उभ्यानं सगळं नुसतं हिरवं दिसतं.

दोन झुडपं आधी हातात घेऊन ओळखायला शिका, कारण निम्मं काम त्यांच्यावर आहे. पहिलं मुस्तिक्का, म्हणजे आपण ज्याला इथं ब्लूबेरी म्हणतो ते. पान पातळ, फिकट हिरवं, कडेला बारीक दाते. डहाळी हिरवी, आणि बोटांत फिरवली तर गोल लागत नाही, धारा लागतात. थंडीत पानं गळतात. दुसरं पुओलुक्का, लाल आंबट बेरीचं. पान जाड, चकचकीत, बारा महिने हिरवं. कडा खाली वळलेल्या, आणि पान उलटं केलं की मागं काळसर ठिपके, सुईनं टोचल्यासारखे. एकदा हे ठिपके पाहिलेत की पुन्हा चूक होणार नाही. योलुक्का नावाचं तिसरं एक आहे, निळसर गोल पानांचं. त्याचं फळ बाहेरून ब्लूबेरीसारखंच पण आत फिकट, हात रंगत नाहीत. ते ओलसर जागी येतं.

दोन शेवाळंही बघून ठेवा. एकाची दांडी तांबडी, ते सेइनासाम्मल. दुसरं केर्रोससाम्मल, पायऱ्यापायऱ्यांचं: दरवर्षी जुन्या पिसाच्या पाठीवर नवं पीस उगवतं. एक काडी हलकेच उचलून पायऱ्या मोजा, इतक्या वर्षांचं शेवाळ हातात आहे. मला अजूनही मोजल्याशिवाय राहवत नाही, काम सोडून.

आता मेळ बघा. शेवाळाचा गालिचा सलग, त्यावर मुस्तिक्काचं राज्य, मधूनमधून थोडी पुओलुक्का आणि सात पाकळ्यांची पांढरी चांदणी, मेत्सातॅह्ती: ही ताजी कांगास. कायांडरच्या भाषेत मिर्टिलस टाइप, कागदावर 'एमटी'. दक्षिण फिनलंडात ही सगळीकडे भेटते. पुओलुक्का वरचढ झाली, मुस्तिक्का मागं हटली, शेवाळात तांबड्या दांडीचं जास्त, मधूनच हेदर नावाच्या झुडपाचा एखादा झुबका, की ती अर्धकोरडी, व्हॅक्सिनियम टाइप, 'व्हीटी'. हेदर म्हणजे कानेर्वा वरचढ झाली आणि मधे मधे पांढरे ठिगळ दिसू लागले, तर कोरडी कांगास, कॅल्युना टाइप, 'सीटी'. ते पांढरे ठिगळ लायकेनचे. आपल्या गोड्या मसाल्यातल्या दगडफुलाच्या नात्यातलं, पण इथं रेनडियर खातात. सगळीच जमीन पांढरी दिसली आणि उन्हात पायाखाली पापडासारखी मोडू लागली तर त्याच्याही खालची पायरी. तिथं झाडाला घाई करून उपयोग नसतो.

आता उलट, एमटीहून जास्त कसाच्या बाजूला जा. शेवाळाचा गालिचा तुटक झाला, नेचे आणि रुंद पानांच्या नाजूक वनस्पती आल्या, आणि तीन पानांचा एक ओळखीचा चेहरा दिसला तर थांबा. पान चावून बघा. आंबट! आपल्या अंगणातल्या आंबुशीचीच बहीण, ऑक्झॅलिस. फक्त फूल पिवळं नाही, पांढरं, गुलाबी शिरांचं. पहिल्या वर्षी मला ती दिसली तेव्हा मी आईला फोटो पाठवला होता. तिचं उत्तर: "आमटीत घाल." ही ऑक्झॅलिस-मिर्टिलस टाइप, 'ओएमटी', म्हणजे कसदार कांगास. याच्याही वर 'लेह्तो': काळी भुसभुशीत माती, वसंतात निळी हेपॅटिका. फार थोड्या जागी उरलंय. सापडलं तर जपून चाला.

शितावरून भाताची परीक्षा इथं फसते, हे मात्र लिहून ठेवा. एमटीत पुओलुक्का असते, व्हीटीत मुस्तिक्का असते. कोण आहे यापेक्षा कोण किती आहे, आणि कोण नाही, ते बघायचं. मी एका तुकड्यात निदान तीन ठिकाणी बसते, एकमेकांपासून लांब. तिन्हींचं एकमत झालं नाही तर चौथी जागा.

मातीची साक्षही काढा. खणायची गरज नाही, वाऱ्यानं उन्मळून पडलेलं झाड शोधा. मुळांची उभी भिंत म्हणजे फुकटचा खड्डा. वर काळपट, नमद्यासारखा कच्च्या कुजीचा थर. त्याखाली राखेसारखा करडा पट्टा. त्याखाली गंजाचा तांबूस. ही पॉडझॉल, आणि त्या रशियन नावातच राख आहे. लेह्तोत हा राखाडी पट्टा दिसत नाही, सगळं तपकिरी आणि गांडुळांचं. मूठभर ओली माती लाटीसारखी वळून बघा. भरड वाळू वळतच नाही, पाणी धरत नाही. तिथं सीटी-व्हीटीची अपेक्षा ठेवा. हिमनदीनं आणून टाकलेला बारीक-जाड मिसळलेला मोरेन थोडा तरी धरतो. योएन्सूजवळच्या यामांकांगासवर वाळू इतकी की पावसानंतर तासाभरात बूट कोरडे. आजी म्हणायची, उंबर तिथं पाणी. तिला हे सगळं दोन दिवसांत समजलं असतं.

आता फसवणुकीच्या जागा. माझी पहिली उन्हाळी नोकरी यातच जायची होती. उतारावरचं पाइनचं जंगल, खाली पुओलुक्का लालेलाल. मी ऐटीत 'व्हीटी' लिहिलं आणि शेजारी शिफारस: पुढच्या वेळीही पाइनच लावा. बरोबरचे ज्येष्ठ सहकारी, निवृत्तीला टेकलेले, माझ्या पाटीकडे बघून काहीच बोलले नाहीत. फिन लोक तसंही बोलत नाहीत. ते चालू लागले, मी मागं. चाळीसेक पावलांवर तुकड्याची हद्द, पलीकडे तोच उतार, तीच माती, पण विरळणी, म्हणजे मधली काही झाडं तोडून मोकळं करणं, न झालेलं स्प्रूस-पाइन. खाली गुडघ्याला लागणारी मुस्तिक्का. माझ्या तुकड्यात काही वर्षांपूर्वी विरळणी झाली होती. ऊन आत शिरलं आणि पुओलुक्का माजली. जमीन एमटीच. त्यांनी माझी पेन्सिल घेतली, व्हीटी खोडलं आणि एकच शब्द बोलले: "कान्नोत." बुडखे. खरंच, शेवाळानं झाकलेले बुडखे सगळीकडे होते आणि मी त्यातल्या एकावर बसूनच लिहिलं होतं.

तेव्हापासून मी आधी बुडखे मोजते. नुकती तोड झालेल्या जागी वर्ग देऊ नका. मुस्तिक्का उन्हानं आक्रसते, गवत सुटतं, आणि बघणाऱ्याला जमीन आहे त्याहून कसदार किंवा निकृष्ट वाटते. शेजारच्या जुन्या जंगलात जाऊन बघा. दाट कोवळ्या स्प्रूसखाली उलट संकट: इतका अंधार की नुसत्या सुया पडलेल्या, ओळखायला काहीच नाही. एखादी फट शोधा. जुन्या शेतावर लावलेलं जंगल असेल तर नांगराच्या खुणा आणि चर बघा. तिथं गवतच बोलतं आणि ते जमिनीबद्दल नाही, खताबद्दल बोलतं. कोलीच्या टेकड्यांवर पूर्वी जंगल जाळून राय नावाचं धान्य पिकवत, आपल्या कुमरीसारखं. अशा जागी बर्च आणि गवत पुढं कित्येक वर्षं रेंगाळतं.

उत्तरेला गेलात तर ही सगळी शिडी सरकते. इथं जिला आपण एमटी म्हणतो, तिच्या जोडीची जमीन कायनूच्या बाजूला व्हॅक्सिनियम-मिर्टिलस टाइप असते. तिथं पुओलुक्का जास्त दिसली म्हणून ती अर्धकोरडी ठरत नाही. आणखी वर जाड शेवाळाचा प्रकार येतो, हायलोकोमियम-मिर्टिलस, जिथं शेवाळच इतकं की बियाणं मातीपर्यंत पोचत नाही. म्हणून आधी आपण कुठल्या पट्ट्यात आहोत ते नकाशावर बघा आणि त्याच पट्ट्याची पुस्तिका उघडा.

हे सगळं करायचं कशाला? लावायचं काय ते ठरतं: व्हीटी आणि त्याहून कोरड्या जमिनीत पाइन, एमटी आणि वर स्प्रूस किंवा बर्च. व्हीटीत स्प्रूस लावलात तर नातवंडं शिव्या देतील. पूर्वी तर पैसेही थेट यावर ठरत. जंगलाचा कर प्रत्यक्ष विकलेल्या लाकडावर नसून जमिनीच्या वर्गावरून धरलेल्या वाढीवर असे. १९९३मध्ये पद्धत बदलली, तरी जुनी निवडलेल्या मालकांना ती २००५पर्यंत चालली. म्हातारे मालक अजून मला बघितलं की आपली जमीन किती निकृष्ट आहे ते आधी सांगतात. सवय.

आणि बेरीवाल्यांनो, तुमचं उत्तर: ब्लूबेरीला एमटी, वयस्क जंगल, थोडं ऊन झिरपणारं, जुलैअखेर ते ऑगस्ट. लाल पुओलुक्काला व्हीटी, पाइनखाली किंवा जुन्या तोडीच्या कडेला, सप्टेंबरात.

शंका असेल तर दोन्ही वर्ग लिहा, मधे तिरकी रेघ द्या, आणि पुन्हा जा. कोन्तिओलाह्तीकडच्या एका तुकड्यापुढं माझ्या वहीत गेली दोन वर्षं 'एमटी/व्हीटी' असं आहे. मालकीणबाई म्हणतात व्हीटी. मुस्तिक्काची बादली दरवर्षी तिथूनच भरतात.