पोरगं उचलून नेलं तर आधी घड्याळ बघा

पोलीस खात्यातल्या नोकरीची निम्मी वर्षं माझी ठाणे अंमलदाराच्या टेबलामागे गेली. रात्री दीडला दारात रडणारी आई आणि तिच्यामागे मोटारसायकलवरून आलेले चार शेजारी मी इतक्यांदा बघितलेत की काय सांगू. आता निवृत्त झालो, तरी गावातलं कोणाचं पोर पोलिसांनी उचललं की फोन मलाच येतो. माझा पहिला प्रश्न ठरलेला: किती वाजता नेलं?

लोक विचारतात, गुन्हा कुठला, साहेब कोण, आमदारांना फोन लावू का. वेळ कोणीच बघितलेली नसते, आणि सगळा खेळ वेळेचाच असतो. अटक केलेल्या माणसाला चोवीस तासांत मॅजिस्ट्रेटपुढे उभं करायचं, असं राज्यघटनेचं कलम २२ सांगतं. १ जुलै २०२४ पासून सीआरपीसीच्या, म्हणजे जुन्या फौजदारी प्रक्रिया संहितेच्या, जागी आलेल्या भारतीय नागरिक सुरक्षा संहितेचं कलम ५८ तेच म्हणतं. प्रवासाचा वेळ तेवढा वगळतात. रविवार असला तरी सूट नाही.

मग पळवाट काढतात. संध्याकाळी सहाला पोराला आणायचं, ‘चौकशीला बोलावलंय’ म्हणत बाकावर बसवायचं आणि अटक दाखवायची दुसऱ्या दिवशी दुपारी. कागदावरचे चोवीस तास तिथून सुरू. अशा नोंदी मीही केल्यात, लपवत नाही. पण माणसाला उठून घरी जाऊ देत नसतील तर ती अटकच, पोलीस तिला काहीही म्हणोत, हे मुंबई उच्च न्यायालयाने १९९० सालीच सांगून ठेवलंय. म्हणून नेल्याची वेळ, गाडीचा नंबर, नेणाऱ्याच्या छातीवरचं नाव, कोणी बघितलं, हे तिथल्या तिथे वहीत लिहा. समोरच्या दुकानात कॅमेरा असेल तर फुटेज ठेवायला सांगा. ११२ ला फोन करा आणि तोच मजकूर एसपी ऑफिसला ई-मेल करा. स्टेशन डायरीत मागाहून काहीही लिहिलं तरी तुमच्या मेलवरची वेळ हलत नाही.

ठाण्यात आरडाओरडा नको. एवढंच विचारा: अटक केलीय का?

‘नाही, नुसती चौकशी’ म्हणाले, तर त्याच नव्या संहितेच्या कलम ३५ ची, म्हणजे हजर राहायला सांगणारी लेखी, नोटीस मागा. सात वर्षांपर्यंत शिक्षेच्या गुन्ह्यात सरसकट अटक करायची नाही, गरज काय ते लिहून दाखवायचं, असा सर्वोच्च न्यायालयाचा अर्नेश कुमार निकाल २०१४ चा आहे. ही नोटीस व्हॉट्सॲपवर चालत नाही, असंही त्या न्यायालयाने जानेवारी २०२५ मध्ये बजावलं. तरी व्हॉट्सॲपवर आलीच तर वकिलाला दाखवा, गप्प बसू नका. रीतसर नोटिशीला हजर राहणाऱ्याला सहसा धरता येत नाही. न जाणारा आयतं कारण देतो.

‘हो, अटक’ म्हणाले, तर अटकेच्या कागदावर घरच्याची किंवा गावातल्या प्रतिष्ठित माणसाची साक्षीदार म्हणून सही लागते, शिवाय पोराची. सही करण्याआधी वेळेचा रकाना वाचा. खोटी वेळ असेल तर सहीशेजारी खरी लिहा. पोलीस चिडतील. चिडू द्या. अटकेची कारणंही लेखी आणि त्याला समजणाऱ्या भाषेत मिळाली पाहिजेत, उशिरात उशिरा रिमांडच्या, म्हणजे कोठडी मागायला कोर्टापुढे उभं करण्याच्या, दोन तास आधी. महाराष्ट्रातल्याच एका खटल्यात ६ नोव्हेंबर २०२५ ला सर्वोच्च न्यायालयाने तसा निकाल दिला. नुसत्या कलमांची यादी म्हणजे कारणं नव्हेत.

बाईमाणसाला सूर्यास्तानंतर न्यायला आले तर महिला अधिकारी आणि मॅजिस्ट्रेटची लेखी परवानगी दोन्ही हवीत. साठी ओलांडलेल्याला तीन वर्षांपेक्षा कमी शिक्षेच्या गुन्ह्यात धरायचं तर डीवायएसपीची पूर्वपरवानगी लागते.

मेडिकलला डॉक्टर विचारतात, ‘काही त्रास?’ शेजारी शिपाई उभा असतो, म्हणून पोरं नुसती मान हलवतात. तिथं वळ दाखवायचे. कोर्टात मॅजिस्ट्रेट विचारतात, ‘पोलिसांविरुद्ध काही तक्रार?’ तिथंही ‘नाही’ हे उत्तर सवयीने निघतं. पोराला आधीच सांगून ठेवा: घरून किती वाजता उचललं ते बोल. वकील परवडत नसेल तर १५१०० वर फोन करा, विधी सेवा प्राधिकरण फुकट देतं.

चोवीस तास उलटले आणि पोर कोर्टात दिसलंच नाही, तर ठाण्याच्या पायऱ्या झिजवू नका. वही घ्या आणि वकिलाला गाठून उच्च न्यायालयात हेबिअस कॉर्पस, म्हणजे ‘माणसाला कोर्टापुढे हजर करा’ असा अर्ज, लावा.